बत्तीस दिवसांच्या सह्या

कुवेतमधल्या जाब्रियातल्या एका लहान क्लिनिकच्या तळमजल्यावर, एक्स-रेच्या खोलीला लागून, आमची लॅब होती. दोन मायक्रोस्कोप, एक सेंट्रिफ्यूज, नमुने ठेवायचा फ्रिज आणि दोन टेक्निशियन. एक मी, डोंबिवलीची. दुसरी रत्नागिरीकडच्या एका खाडीकाठच्या गावातली कोकणी मुसलमान बाई, माझ्याहून सहा वर्षांनी मोठी. मी तिला आपा म्हणायचे, ती मला बाय म्हणायची. नऊ वर्षं आम्ही रोज आठ तास एकमेकींकडे पाठ करून बसलो. नवऱ्याशी बोलले नसेन इतकं मी तिच्याशी बोललेय, आणि भांडलेयही.

आता मी त्याच रस्त्यावर, चार इमारती सोडून, दुसऱ्या लॅबमध्ये काम करते. जुन्या क्लिनिकच्या जागी दातांचा दवाखाना झालाय. येताजाता त्याची पाटी दिसते. पहिले काही महिने मी मुद्दाम पलीकडच्या फुटपाथने जायचे, मग तोही कंटाळा आला. आता सरळ समोरून जाते आणि काही वाटत नाही.

आमच्याकडे प्रत्येक तपासणीची नोंद हाताने रजिस्टरात व्हायची आणि तिच्यापुढे दोन सह्या लागायच्या. एक तपासणारीची, एक पडताळणारीची. एकीने पाहिलेली स्लाइड दुसरीने पुन्हा पाहायची, असा त्या दोन सह्यांचा अर्थ. सह्या कसल्या, इंग्रजी आद्याक्षरं नुसती. आपा नमाजाला गेली किंवा वर कुणाचं रक्त काढायला गेली आणि रिपोर्टाची घाई असली, की तिची सही मी ठोकून द्यायचे. मी डबा गरम करायला गेले की माझी ती करायची. पडताळणी झालेली असायची, फक्त पेन टेकवायचं राहिलेलं असायचं. यात कुणाला काही वावगं वाटत नव्हतं. एकमेकींना समजून घेणं म्हणतात तेच हे, असं आमचं मत होतं.

मग आपाची आई अंगणात पडली आणि तिच्या खुब्याचं हाड मोडलं. ऑपरेशनसाठी आपा गावाला गेली ती बत्तीस दिवस. मॅनेजर म्हणाला, बदली माणूस बुकरा येईल. बुकरा म्हणजे उद्या, आणि कुवेतमध्ये काही वर्षं काढलेल्या माणसाला हा उद्या कुठल्या जातीचा असतो ते सांगावं लागत नाही. बदली माणूस आला नाही. पेशंट मात्र येत होते, रिपोर्ट जात होते, आणि दुसऱ्या सहीची जागा रिकामी ठेवली तर आरोग्य खात्याच्या तपासणीत लॅब बंद होईल, असं मॅनेजरने मला दोनदा सांगितलं. मी आपाची सही करत राहिले.

प्रामाणिकपणाची माझी एक पद्धत होती. स्लाइड पाहून झाली की मी उठायचे, पाणी प्यायचे आणि आपाच्या स्टुलावर बसून तीच स्लाइड पुन्हा पाहायचे. प्लेटलेट मोजण्यात ती माझ्याहून फार कडक. म्हणून मी तिच्यासारखी पुटपुटत मोजायचे आणि मग तिची सही करायचे. रिपोर्ट एकही चुकला नाही, निदान माझ्या कानावर तरी आलं नाही. आपा परत आली, सोड्यांची पिशवी माझ्या हातात ठेवली आणि मी तिला रजिस्टर दाखवलं. तिने पानं उलटली, हसली आणि म्हणाली, माझ्यापेक्षा माझी सही तुलाच बरी येते. विषय तिथेच संपला.

त्यानंतर काही महिन्यांनी पगार थांबला. मालक आणि त्याच्या भागीदारात काही बिनसलं होतं. पहिल्या महिन्यात सांगितलं, बँकेचा घोळ आहे. दुसऱ्या महिन्यात, ईदनंतर. मालकाची वफ्राला शेती होती आणि तिथून दर गुरुवारी स्टाफसाठी काकड्यांची खोकी यायची. पगार बंद झाला तरी काकड्या यायच्या. पाच महिने आम्ही फुकट काम केलं आणि पाच महिने काकड्या घरी नेल्या. कोशिंबीर, थालीपीठ, धोंडस, जे सुचेल ते करत होते. माझी मुलगी शेवटी ताटाकडे बघून म्हणाली, नॉट अगेन. आजही मी काकडी विकत घेत नाही.

शेवटच्या गुरुवारी दोन माणसं आमचा कॉम्प्युटर उचलून घेऊन गेली. माझ्या डोक्यात तेव्हा काय आलं कुणास ठाऊक, मी मोबाइल काढला आणि रजिस्टरचे फोटो काढायला लागले. आपा एकेक पान उलटून धरत होती. प्रत्येक फोटोच्या कोपऱ्यात तिचा अंगठा आलाय. रविवारी सकाळी आलो तर कुलूप बदललेलं. हारिस, म्हणजे इमारतीचा राखणदार, म्हणाला, लॅब खलास, घरी जा. नोटीस नाही, पत्र नाही. आम्ही दोघी तासभर पायरीवर बसलो आणि मग एकाच टॅक्सीने घरी गेलो.

कामगार खात्यात तक्रार केली तेव्हा कंपनीचं उत्तर आलं. लॅब पाच महिन्यांपूर्वीच बंद झाली होती आणि या दोघींनी तेव्हापासून स्वतःहून येणं सोडलं. हजेरीचं बोटाचं मशीन वर्षभर बंद होतं, हे त्यांना माहीत होतं, आम्हालाही होतं. बँकेत पगार जमा नाही, म्हणजे काम केल्याचा पुरावा नाही. होतं ते एवढंच, माझ्या मोबाइलमधलं रजिस्टर.

माझी अकाम्याची, म्हणजे इथे राहायच्या परवान्याची, सोय झाली. मी नवऱ्याच्या व्हिसावर गेले आणि काही महिन्यांनी नवी नोकरी लागून परत माझ्या नावावर आले. आपाला तसं कुणी नव्हतं. तिचा नवरा कधीच सोडून गेलेला. कंपनी अकामा वाढवेना, दंड चढायला लागला, तिला जावं लागलं. जाण्याआधी तिने मला तौकील दिलं. तौकील म्हणजे मुखत्यारपत्र. तिच्या वतीने कागद द्यायचे, कागद घ्यायचे, विचारलं तर उत्तर द्यायचं, पैसे मिळाले तर उचलायचे, सगळं माझ्याकडे. खिडकीतल्या माणसाने ते अरबीत भराभर वाचून दाखवलं. आपाला त्यातलं अर्धंच समजलं असेल. बाहेर येऊन ती मला म्हणाली, "आता तू बोललीस ते माझंच."

कामगार खात्यात समेट झाला नाही म्हणून प्रकरण कोर्टात गेलं. त्यापुढची तीन वर्षं मला सलग आठवत नाहीत. कंपनीने पत्ता बदलला म्हणून समन्स परत आलं. न्यायाधीश बदलले. उन्हाळ्याची सुट्टी आली, गेली. तारखेच्या दिवशी मी अर्ध्या दिवसाची रजा काढायची, संगमरवरी बाकावर बसायचं, वकिलाचा हैदराबादी कारकून यायचा आणि पुढची तारीख सांगायचा. सुरुवातीला मी संतापायचे. घरी येऊन भांडी आदळायचे, नवऱ्याला बोलायचे, सगळ्या देशाला शिव्या द्यायचे. दुसऱ्या वर्षी तो संताप नुसता विरून गेला. दात काढताना सुईने बधिर केलेला गाल असतो ना, हात लावला तर हाताला गाल लागतो पण गालाला हात लागत नाही, तसं ते प्रकरण झालं होतं. तारीख आली की जायचं.

दर शुक्रवारी मी आपाला फोन करायचे. ती भावाकडे राहत होती. आईच्या ऑपरेशनचे पैसे भावाने भरले होते, आणि आपाने पगार आला की देते म्हणून सांगितलं होतं. तो पगार आता कोर्टात अडकलेला. चिपळूणच्या एका लॅबमध्ये ती रोज एसटीने जायची, आणि तिथे मिळत होतं त्यात येण्याजाण्याचा खर्च आणि औषधं एवढंच भागत होतं. भावजय तोंडाने काही बोलत नाही, भांडी आपटते, असं ती हसून सांगायची. तिचं गणित साधं होतं. पाच महिन्यांचा पगार आला की भावाचे द्यायचे आणि उरलेल्यात चिपळूणला एक खोली भाड्याने घ्यायची. दुसरं काही तिला नको होतं. खोलीही तिने बघून ठेवली होती, लॅबपासून चालत जाता येईल अशी. दर वर्षी तिने बघितलेली खोली दुसऱ्या कुणाला भाड्याने जायची आणि ती नवी बघायची.

तिसऱ्या वर्षी कोर्टाने प्रकरण खबीराकडे पाठवलं. खबीर म्हणजे कोर्टाने नेमलेला तज्ज्ञ, जो कागद तपासून कुणाचं किती ते लिहून देतो. वकील म्हणाला, शेवटच्या पाच महिन्यांची पानं द्या. नवऱ्यानेही तेच सांगितलं. मला मात्र सगळं व्यवस्थित करायची खोड. मी म्हटलं, अख्खं रजिस्टर देते. पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत आमच्या दोघींच्या सह्या कशा सलग आहेत, ते दिसू दे त्यांना. मी सगळ्या फोटोंच्या प्रिंट काढल्या, पानांना नंबर घातले, फायलीत लावल्या. त्या फायलीचा मला अभिमान वाटला होता, हे मला स्पष्ट आठवतं.

खबीर वयस्कर होता, शांत होता. त्याने आम्हाला चहा मागवला. फाइल उघडून तो म्हणाला, काम चांगलं केलंय, आणि हैदराबादी कारकुनाने ते मला हिंदीत सांगितलं. मग त्याने दुसरा एक कागद काढून फायलीशेजारी ठेवला. आपा देशातून कधी बाहेर गेली आणि कधी आत आली, त्याची विमानतळावरची नोंद होती ती. कंपनीच्या वकिलाने तो कागद दिला होता. खबीराने पेन्सिलने एका तारखेवर खूण केली, मग रजिस्टरात तीच तारीख शोधून सहीवर बोट ठेवलं. मला कळायला क्षणही लागला नाही.

त्याने विचारलं, ही बाई या दिवशी कुवेतमध्ये नव्हती, मग ही सही कुणाची?

ते बत्तीस दिवस पाच महिन्यांच्या आधीचे होते. त्यांच्याशी पगाराचा काही संबंध नव्हता. मी एवढंच सांगायचं होतं, की त्या बत्तीस दिवसांतल्या सह्या माझ्या आहेत, ती आल्यानंतरच्या तिच्या आहेत. वाक्य जिभेवर होतं. पण पेशंटच्या रिपोर्टावर दुसऱ्या टेक्निशियनची सही मी केली, हे सरकारी माणसापुढे कबूल करायचं म्हणजे काय, हेही त्याच क्षणी कळलं. लॅबमध्ये काम करायचं लायसन्स आरोग्य खात्याचं. ते गेलं की नोकरी गेली, नोकरी गेली की अकामा. त्या वर्षी नवऱ्याच्या कंपनीने त्याचा पगार निम्मा केला होता आणि मुलगी बारावीला होती. कारणं होती. सगळ्यांकडेच असतात.

मी म्हटलं, आठवत नाही.

खबीराने चष्मा काढला आणि पुन्हा एकदा तोच प्रश्न विचारला, जरा सावकाश. तो मला संधी देत होता असं मला तेव्हाही वाटलं आणि आजही वाटतं. मी पुन्हा तेच सांगितलं. मी तिथे दोघींच्या वतीने बसले होते. त्यामुळे आठवत नाही हे माझंही उत्तर झालं आणि आपाचंही. त्याने ते लिहून घेतलं आणि मी खाली सही केली, एकदा माझ्या नावापुढे आणि एकदा तिच्या वतीने.

निकाल चार महिन्यांनी लागला. लॅब चालू होती हे कोर्टाने मान्य केलं, मला कामावरून काढलं हेही मान्य केलं. मला पाच महिन्यांचा पगार, नोटीसचे पैसे आणि नऊ वर्षांची ग्रॅच्युइटी. आपाच्या बाबतीत लिहिलं होतं, की ती देशात नसतानाही तिच्या सह्या रजिस्टरात आहेत, तेव्हा तिच्या सहीवरून तिची हजेरी मानता येत नाही. पाच महिन्यांचा पगार नामंजूर, नोटीस नामंजूर. आधीच्या वर्षांची ग्रॅच्युइटी तेवढी मंजूर, तीही स्वतःहून काम सोडलं असं धरून कापलेली. त्यातून भावाचे अर्धेही फिटत नव्हते.

कारकुनाने मला कोर्टाच्या जिन्यात गाठलं. तो मूर्ख नव्हता. माझ्याकडे न बघता, सिगरेट शोधत म्हणाला, "मॅडम, बोलना है तो अपील में बोलो. तीस दिन हैं. फिर लायसन्स का मैं नहीं जानता."

त्या शुक्रवारी मी आपाला सांगितलं की तिचे कागद पुरे पडले नाहीत. खोटं नव्हतं. ती म्हणाली, चल, तुझं तरी झालं. मग तिने माझ्या मुलीच्या परीक्षेची चौकशी केली. अपील करता येतं का, हे तिने विचारलं नाही. विचारलं असतं तर मी काय सांगितलं असतं, याचा मी फार विचार करत नाही.

तीस दिवस मी काही ठरवलं नाही. ठरवण्यासारखं काही आहे हे ठाऊक होतं, पण त्याच्याकडे बघायचं झालं की झोप यायची. खरंच झोप यायची, दुपारी, मायक्रोस्कोपवर. नवव्या दिवशी नवऱ्याला सगळं सांगितलं. तो शर्टांना इस्त्री करत होता. त्याने ऐकून घेतलं, म्हणाला तू ठरव, आणि पुढचा शर्ट घेतला. मला त्याचा राग आला नाही. विसाव्या दिवशी कारकुनाचा मिस्डकॉल येऊन गेला. मी परत केला नाही. रोज कामावर गेले, दोन-दोन सह्यांचे रिपोर्ट दिले. आता माझ्या शेजारी एक केरळी मुलगी बसते. तिची सही मी कधी करत नाही, ती बाथरूमला गेली असली तरी रिपोर्ट अडवून ठेवते. तिला मी खडूस वाटते.

तिसावा दिवस मंगळवार होता. मी कामावर असताना दोन वाजता तो संपला, कचेऱ्या बंद होतात तेव्हा. मी घड्याळ पाहिलं होतं. सुटल्यासारखं वाटेल अशी अपेक्षा होती, तेही वाटलं नाही.

शुक्रवारी फोन केला आणि बोलायला लागले तेव्हा ते सांगायचं असं मी ठरवलं नव्हतं. हवापाण्याचं बोलता बोलता मध्येच सांगून टाकलं. खबीराचा कागद, त्याचा प्रश्न, दोनदा विचारलेला, माझं उत्तर, निकालात काय लिहिलंय ते, अपिलाचं. सगळं एका दमात, जसं घडलं तसं. रडले नाही.

आपा म्हणाली, "मुदत कधी सरली?"

"मंगळवारी."

"आणि आज शुक्रवार."

"हो."

"म्हंजे सरल्यावर सांगतंस."

मी हो म्हटलं. मग घाईघाईने सांगितलं, की माझे पैसे पुढच्या आठवड्यात जमा होतील, त्यातले पाच महिन्यांचे सगळे मी तिला पाठवते, नवऱ्याशी बोलणं झालंय. ते खरं नव्हतं, पण मी बोलणार होते.

ती म्हणाली, "नको. तुझा पगार तू केलेल्या कामाचा हाय. माझा मी केलेल्या कामाचा होता."

तिचा आवाज चढला नव्हता. ती शिव्या देईल, निदान फोन आपटेल, असं मला वाटत होतं. त्यासाठीच मी फोन केला असेन. तिने दोन्ही केलं नाही. तिने विचारलं, तौकील रद्द करायला काय लागतं. मी म्हटलं, माझ्या बाजूनेही सोडता येतं, पाच दिनारच्या आत होईल, मी भरते. ती म्हणाली, माझे जे थोडे येतील त्यातून काप आणि उरलेले पाठव. मग तिने फोन ठेवला. त्यानंतरचे माझे दोन शुक्रवारचे फोन तिने उचलले नाहीत, आणि तिसऱ्या शुक्रवारी मी केला नाही.

तिची रक्कम जमा झाली तशी मी ती एक्स्चेंजमधून पाठवली, फी कापून, पावतीचा फोटो काढून. दुसऱ्या दिवशी तौकील सोडायला गेले. सकाळची वेळ होती, रांगही नव्हती. खिडकीतल्या मुलीने कागद पाहिला, कॉम्प्युटरवर काहीतरी केलं आणि इंग्रजीत म्हणाली, इथे कारण लिहावं लागतं. मी तिला विचारलं, लोक काय लिहितात. ती म्हणाली, काम पूर्ण झालं असं लिहितात.

मी म्हटलं, तेच लिहा.